वरातीमागून ससा

माणसं आणि कार्टून एकाच पडद्यावर नांदवणारे जेवढे सिनेमे आजवर निघाले, त्यांत ‘हू फ्रेम्ड रॉजर रॅबिट’च्या जवळपास पोचणारे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच असतील. सिनेमा १९८८चा. त्यातली कार्टून्स हाताने, कागदावर काढलेली. त्यानंतर कंप्युटर आले, अंगावरचा केसन् केस वेगळा हलवणारी सॉफ्टवेअर आली, बजेटं कुठच्या कुठे गेली. आणि निघालं काय? ‘गारफिल्ड’. ‘आल्विन अँड द चिपमंक्स’. ‘हॉप’. ‘द स्मर्फ्स’. कठीण आहे राव.

हे बोललं की दोन ठरलेली उत्तरं मिळतात. एक, "तू लहान असताना बघितलास ना, म्हणून. नॉस्टॅल्जिया रे!" आणि दोन, "पोरांचे सिनेमे आहेत, एवढं काय मनाला लावून घेतोस?" पहिलं उत्तर चूक आहे. दुसरं त्याहून वाईट आहे, त्याच्याकडे नंतर येतो.

माझं म्हणणं असं की गोची तंत्रज्ञानाची नाहीच. गोची एका वाक्याची आहे, जे सेटवर उभं राहून बोललं जातं: ‘पोस्टमध्ये बघू.’ म्हणजे आत्ता माणसांचं शूटिंग उरकून घेऊ, कार्टून काय, नंतर पोस्ट-प्रॉडक्शनमध्ये चिकटवता येईल. आपण सॉफ्टवेअरवाल्यांनी या वाक्याला फार हसू नये, कारण ‘इंटिग्रेशन शेवटच्या स्प्रिंटला करू’ हे त्याचंच सख्खं भावंडं आहे. दोन टीम सहा महिने आपापल्या खोलीत सुखाने काम करतात, दोघांचे डेमो मस्त होतात, आणि मग रिलीजच्या आदल्या आठवड्यात कळतं की एकाची तारीख दिवसापासून सुरू होते आणि दुसऱ्याची महिन्यापासून. वरातीमागून घोडं म्हणतात ते हेच. सिनेमात फक्त घोड्याच्या जागी ससा असतो.

आता रॉजर रॅबिटमधला तो सीन. ज्यांनी सिनेमा पाहिलाय त्यांना आठवेल. एडी व्हॅलियंट हा खाजगी डिटेक्टिव्ह (बॉब हॉस्किन्स) आणि रॉजर ससा एकाच बेडीत अडकलेत. बारच्या मागच्या चोरखोलीत एडी करवतीने बेडी कापायला बघतोय. छताला एक दिवा लोंबकळतोय, एडीचं डोकं त्याला आपटतं आणि दिवा हेलकावे खायला लागतो. बस्स, एवढंच. कथेला त्या दिव्याची काहीही गरज नाही. दिवा स्थिर असता तरी विनोद तोच होता: ससा मध्येच बेडीतून हात सहज बाहेर काढतो, एडीचा भडका उडतो की हे आधी का नाही केलंस, आणि ससा म्हणतो की कसं करणार, आधी ते विनोदी नव्हतं ना!

पण दिवा हलला की काय होतं बघा. खोलीतली प्रत्येक सावली हलते. एडीच्या चेहऱ्यावरचा उजेड सरकतो. म्हणजे सशाच्या अंगावरचा उजेडही, त्याच लयीत, त्याच दिशेने सरकायला पाहिजे. आणि ससा तर तिथे नाहीच! तो नंतर लंडनमध्ये रिचर्ड विल्यम्सच्या टीममधले लोक काढणार आहेत. पद्धत अशी होती: शूट केलेल्या फिल्मची एकेक फ्रेम मोठी करून फोटोसारखी छापायची, तिच्यावर कागद ठेवायचा आणि त्या फ्रेममधल्या एडीच्या हिशोबाने ससा काढायचा. मग सशाच्या अंगावर पडणारी छाया वेगळी, उजळलेली कड वेगळी, जमिनीवरची सावली वेगळी. हे सगळे थर ऑप्टिकल प्रिंटरवर एकावर एक चढवून पुन्हा फिल्मवर उतरवायचे. सेकंदाला २४ फ्रेम. आता यात हलता दिवा घाला. म्हणजे एका फ्रेमची छाया पुढच्या फ्रेमला उपयोगाची नाही.

हा सरळसरळ स्वतःच्या हाताने स्वतःच्या पायावर मारून घेतलेला धोंडा आहे. आणि त्यामुळेच तो ससा त्या खोलीत आहे यावर आपला विश्वास बसतो. प्रेक्षकाला ऑप्टिकल प्रिंटर माहीत नसतो, पण सावली चुकली तर त्याच्या मेंदूला बरोबर कळतं. ‘बम्प द लॅम्प’ हा शब्दप्रयोग पुढे डिस्नेमध्ये एक म्हण होऊन बसला, कुणी मागितलेलं नसताना घेतलेल्या कष्टासाठी.

पण माझ्या मते दिव्याचं कौतुक जरा अर्धवट होतं. सगळे जण ‘केवढी मेहनत!’ इथे थांबतात. मेहनत तर हॉपवाल्यांनीही केली असेल. खरा मुद्दा हा की दिवा *शूटिंगच्या दिवशी* हलवला गेला. म्हणजे त्या दिवशी, त्या खोलीत, कुणीतरी सशाचा विचार केलेला होता.

आणि हे फक्त दिव्यापुरतं नाही. सिनेमाभर बघा. कार्टून पात्रांच्या हातातल्या वस्तू बऱ्याचदा खऱ्या आहेत. बेबी हर्मनची सिगार खरी, यंत्राच्या हाताने हलवलेली. क्लबमध्ये पेंग्विन वेटर्स ट्रे घेऊन फिरतात, ते ट्रे आणि त्यावरचे ग्लास खरे. पेंग्विन नंतर काढलेत. ससा एडीच्या सिंकमध्ये लपतो तेव्हा पाणी खरं उडतं. तालमीला सशाचा रबरी पुतळा असायचा, म्हणजे नटांना कळावं की किती उंचीवर, किती अंतरावर बघायचंय. सशाचा आवाज देणारा चार्ल्स फ्लायशर तर सेटवर सशाचा पोशाख घालून कॅमेऱ्याच्या बाहेर उभा राहायचा आणि तिथून संवाद म्हणायचा! हॉस्किन्सने पुढे मुलाखतींत सांगितलं की नसलेल्या माणसाशी कसं बोलायचं हे तो आपल्या लहान मुलीकडे बघून शिकला. पोरं नाही का, काल्पनिक मित्राशी तासन् तास बोलतात, तसं.

त्याआधीचा अलिखित नियम होता की कार्टून आणि माणूस एकत्र असतील तर कॅमेरा हलवायचा नाही, दोघांनी एकमेकांना फार हात लावायचा नाही, प्रकाश सपाट ठेवायचा. विल्यम्सने दिग्दर्शक रॉबर्ट झेमेकिसला सांगितलं की हा नियम विसर आणि तुला हवा तसा कॅमेरा फिरव, ससा मी बसवतो. त्याला या कामासाठी खास ऑस्कर मिळालं, शिवाय सिनेमाला संकलन, साउंड इफेक्ट्स एडिटिंग आणि व्हिज्युअल इफेक्ट्सची मिळाली ती वेगळीच.

आता नॉस्टॅल्जियावाल्यांसाठी. ही अक्कल १९८८ला आकाशातून पडली नव्हती. १९१४ साली विन्सर मॅके नावाचा व्यंगचित्रकार स्टेजवर चाबूक घेऊन उभा राहायचा, मागे पडद्यावर गर्टी नावाची डायनोसॉर. तो तिच्याकडे सफरचंद फेकायचा, म्हणजे फेकल्यासारखं करून लपवायचा, आणि त्याच क्षणी पडद्यावरची गर्टी ते झेलायची. एकशे दहा वर्षांपूर्वी, ना लेयर, ना कंपोझिटिंग, आणि तरी मुद्दा पक्का: या बाजूचं काहीतरी त्या बाजूला *गेलं* पाहिजे. १९४५च्या ‘अँकर्स अवे’मध्ये जीन केली ‘टॉम अँड जेरी’तल्या जेरीबरोबर नाचतो. जेरी त्याच्या दंडावरून उडी मारतो, आणि खालच्या चकचकीत फरशीत दोघांचंही प्रतिबिंब दिसतं. ‘मेरी पॉपिन्स’ (१९६४) घ्या, डिक व्हॅन डाइक पेंग्विनांसोबत नाचतो तेव्हा तो त्यांच्यातलाच एक होऊन जातो. माझ्या जन्माच्या आधीचे आहेत हो हे सगळे. यांचा नॉस्टॅल्जिया मला कुठून असणार?

आता या शतकात या.

‘गारफिल्ड’ २००४चा. त्यात जॉन हा मालक खरा माणूस, ओडी हा कुत्रा खरा कुत्रा, आणि गारफिल्ड एकटा कंप्युटरचा. म्हणजे अख्ख्या घरात एकच पात्र वेगळ्या पदार्थाचं, आणि त्याबद्दल कुणालाच काही वाटत नाही! कॉमिकमधला गारफिल्ड म्हणजे वजन. आळस, चरबी, लझानिया. त्या मांजराचा विनोदच मुळी त्याच्या वजनात आहे. पडद्यावर मात्र केस दिसतात, वजन जाणवत नाही. मग २००७ला ‘आल्विन’, २०११ला ‘हॉप’. गारफिल्डचा दुसरा भाग, आल्विनचा पहिला आणि हॉप, तिन्हींचा दिग्दर्शक एकच, टिम हिल. याला म्हणतात डोमेन एक्स्पर्टीज :)

हॉपमधला नट जेम्स मार्सडन. तोच मार्सडन नऊ वर्षांनी ‘सॉनिक द हेजहॉग’मध्ये. जगात रिकाम्या जागेकडे बघून मनापासून बोलण्याचा एवढा अनुभव असलेला दुसरा माणूस आमच्या एका जुन्या क्लाएंटचा प्रोजेक्ट मॅनेजर सोडला तर मला माहीत नाही.

सॉनिकवर जरा थांबतो, कारण माझा सगळा मुद्दा त्या एका प्रकरणात आहे. ३० एप्रिल २०१९ला ट्रेलर आला. निळ्या सॉनिकला माणसासारखे दात, बारके डोळे, लांब तंगड्या. लोकांनी इंटरनेटवर असा काही गोंधळ घातला की दोनच दिवसांत दिग्दर्शक जेफ फाउलरने जाहीर केलं, बदलतो. रिलीज नोव्हेंबर २०१९वरून १४ फेब्रुवारी २०२०वर गेलं आणि नायक नवा झाला. डोळे नवे, दात नवे, अंगाची ठेवण नवी. सिनेमा चालला, २०२२ आणि २०२४ला पुढचे भागही आले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या: बघा, स्टुडिओने फॅन्सचं ऐकलं!

मी त्या वेळी टाळ्या वाजवणाऱ्यांत नव्हतो. हात वर करून एक प्रश्न विचारायचा होता. शूटिंग संपल्यावर नायकच्या नायक काढून दुसरा बसवता येतो, म्हणजे शूटिंगच्या वेळी तिथे नक्की काय होतं?

आपल्या धंद्यात याला लूज कपलिंग म्हणतात आणि ते फार चांगलं असतं. एक मॉड्यूल काढा, दुसरं लावा, बाकीच्या सिस्टिमला पत्ता लागत नाही. डिझाइन रिव्ह्यूमध्ये असं काही दाखवलं तर मी स्वतः उठून शाबासकी देईन. पण गोष्टीचं तसं नसतं हो! गोष्टीत दोन पात्रं एकमेकांना जेवढी अडकलेली तेवढी मजा. रॉजरच्या हातात एडीची बेडी आहे. ती अक्षरशः टाइट कपलिंग आहे! त्या सशाची उंची चार इंचांनी बदला, एडीचा हात चुकीच्या जागी जाईल, नजर चुकेल, सिंकमधलं पाणी चुकीच्या ठिकाणी उडेल. रॉजर बदलायचा तर हॉस्किन्सला परत बोलवावं लागलं असतं.

कथेलाही हीच चाचणी लावता येते. कोडमधली एक ओळ कॉमेंट करून बघतो ना आपण, की बिल्ड तुटतोय का? तसं कार्टून काढून बघा. रॉजर रॅबिटमधून कार्टूनपण काढलं तर उरतं काय? एडीच्या भावाला एका टूनने डोक्यावर पियानो पाडून मारलंय, म्हणून एडी टूनांचा द्वेष करतो. टून हे हॉलिवूडमध्ये राबणारे, क्लबात नाचणारे पण गिऱ्हाईक म्हणून आत न घेतले जाणारे लोक आहेत. जज डूमला टूनटाउन पाडून तिथून फ्रीवे काढायचाय. ओळ कॉमेंट केली की बिल्ड धाडकन पडतो. उलट २०२१चा ‘टॉम अँड जेरी’ घ्या. न्यूयॉर्कच्या एका मोठ्या हॉटेलात एक मुलगी दुसऱ्याच्या बायोडेटावर नोकरी मिळवते, तिथे एका बड्या जोडप्याचं लग्न आहे (नवरीचं नाव प्रीता, त्यामुळे हत्ती आणि मोर आलेच!) आणि हॉटेलात उंदीर शिरलाय. आता जेरीच्या जागी साधा, खरा, चार पायांवर पळणारा उंदीर ठेवा. माणसांची गोष्ट जशीच्या तशी चालते. त्या सिनेमात सगळे प्राणी कार्टून आहेत आणि मोडतोड तर भरपूर आहे, पण मोडतोड म्हणजे स्पर्श नव्हे.

आणि इथे तो ‘कंप्युटरने वाट लावली’ म्हणणारा गट खूश होऊन माझ्या बाजूला येऊन बसेल, त्यांनाही उठवतो. या टॉम अँड जेरीचं अ‍ॅनिमेशन फ्रेमस्टोर या कंपनीचं. ‘पॅडिंग्टन’ (२०१४) आणि ‘पॅडिंग्टन २’ (२०१७) मधलं अस्वलही फ्रेमस्टोरचंच, आणि तेही संपूर्ण कंप्युटरवर केलेलं. आणि ते अस्वल आहे! लंडनच्या त्या घरात ते खरोखर राहतं. बाथरूममध्ये गोंधळ घालतं आणि मग भरलेल्या पाण्याच्या लोंढ्याबरोबर टबात बसून जिन्यावरून खाली येतं, तेव्हा घर ओलं होतं, ह्यू बॉनव्हिलचा चेहरा पडतो आणि त्या कुटुंबात पुढे जे काय घडतं ते त्या ओल्या जिन्यामुळे घडतं. कंपनी तीच, तंत्र तेच, काम करणारी माणसं त्याच तोलामोलाची. मग फरक कुठे पडला? पॅडिंग्टनमध्ये अस्वल कुठे बसेल, कशाला हात लावेल, काय सांडेल आणि ते कोण पुसेल, हे लिहितानाच ठरलं होतं. दिग्दर्शक पॉल किंगने हे प्रश्न पुढे ढकलले नाहीत.

आता ते दुसरं उत्तर: पोरांचे सिनेमे आहेत. हे बोलणाऱ्याने कधी पोराबरोबर खेळून बघावं. पोराच्या बाहुलीने चहा प्यायला आणि तुम्ही कप रिकामा करायला विसरलात तर पोर तुम्हाला तिथल्या तिथे पकडतं. नियम म्हणजे नियम. काल्पनिक गोष्टींच्या बाबतीत मुलांइतका कडक टेस्टर कुणी नाही. ‘पोरांना चालतं’ हे मोठ्यांनी स्वतःच्या आळसाला दिलेलं नाव आहे. आणि हो, आल्विनने धो धो पैसा कमावला हे मलाही माहितेय. तो वाद मी घालतच नाहीये. वडापावच्या गाडीवरही गर्दी असते म्हणून तेल कधीचं आहे हे विचारायचं नाही का?

आपल्याकडे हा प्रयोग झाला तो ‘टूनपूर का सुपरहीरो’ (२०१०), दिग्दर्शक किरीट खुराना. अजय देवगण त्यात सिनेनट आहे, आणि त्याच्या मुलांना कळलंय की बाबांचे स्टंट दुसराच कुणीतरी करतो. मग कार्टून लोक त्याला खेचून टूनपुरात नेतात आणि देवटून विरुद्ध टूनासुर असं युद्ध. कल्पना खरंच झकास होती. पण सिनेमाचा मोठा भाग कार्टूनच्या गावात घडतो, म्हणजे देवगण हिरव्या पडद्यासमोर एकटा. सगळं जगच नंतर रंगवायचं म्हटल्यावर धक्का लागणार कशाला? (रॉजर रॅबिटमध्येही एडी टूनटाउनमध्ये जातो तो तुकडाच मला सगळ्यात फिका वाटतो. तिथे खरा दिवा नाही, खरं सिंक नाही.) पोरांना आपला बाप स्वतः स्टंट करत नाही याचं वाईट वाटतं, या गोष्टीवरचा सिनेमा असा व्हावा यात एक बारीकसा काव्यगत न्याय आहे.

आणि गंमत म्हणजे हा धडा मराठीत १९९३लाच गिरवून झाला होता! ‘झपाटलेला’. तात्या विंचू कार्टून नाही, बाहुला आहे, हे मान्य. पण लक्ष्याच्या डोळ्यांत जी तंतरलेली भीती दिसते ती का दिसते? कारण समोर तो बाहुला *होता*. रामदास पाध्यांनी बनवलेला, त्यांनीच चालवलेला, मान वळवणारा, ओठ हलवणारा. लक्ष्मीकांत बेर्डेला नजर कुठे लावायची हा प्रश्नच आला नाही. महेश कोठारेंचं बजेट हॉलिवूडच्या एखाद्या सिनेमाच्या चहापाण्याच्या खर्चाएवढं असेल नसेल. आजही महाराष्ट्रात पस्तिशी-चाळिशीतल्या माणसाला तात्याचं नाव काढून बघा. मग त्यालाच विचारा, हॉपमधल्या सशाचं नाव काय होतं?

"मान्य आहे रे, पण हे सगळं महाग पडतं," हा शेवटचा आक्षेप. रॉजर रॅबिट महाग होता, वेळापत्रकाबाहेर गेला होता आणि चित्र काढणाऱ्यांनीही शेवटी रात्रीचे दिवस केले होते, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण ‘पोस्टमध्ये बघू’ स्वस्त आहे असं कुणी सांगितलं? ते फक्त *दुसऱ्याला* महाग पडतं.

कसं ते सांगतो, आणि इथे आयटीवाल्यांनी कान टवकारावेत. व्हीएफएक्स कंपन्या काम घेतात ते बहुतेक फिक्स्ड बिडवर. अमुक इतके शॉट, अमुक इतकी रक्कम. स्कोप फ्रीझ? नाव काढू नका. दिग्दर्शक शेवटच्या महिन्यात म्हणतो, याचे डोळे जरा मोठे करा. पुढच्या आठवड्यात म्हणतो, आधीचेच बरे होते. पैसे तेवढेच. सेटवर जो निर्णय पाच मिनिटांत झाला असता तो इथे शंभर माणसांचे रविवार खातो, आणि त्याचं बिल फाडलं जातं ते निर्णय टाळणाऱ्याच्या नावावर नाही. आपल्यातल्या कुणाला हे ओळखीचं वाटत नसेल तर त्याने आपला एचआर मला कळवावा, मी सीव्ही पाठवतो.

नव्या सॉनिकवर काम करणाऱ्या कंपन्यांत एमपीसी होती. तिचा व्हँकुव्हरचा स्टुडिओ डिसेंबर २०१९मध्ये बंद झाला, सिनेमा थिएटरात लागायच्या दोन महिने आधी. फॅन्सचं ऐकलं म्हणून ज्या टाळ्या वाजल्या त्या ऐकायला ती माणसं त्या ऑफिसात नव्हती. एमपीसीची मालक टेक्निकलर २०२५च्या सुरुवातीला कोसळली, तेव्हा बंगळूरमधल्या लोकांच्याही नोकऱ्या गेल्या. म्हणजे पोस्टमध्ये बघणारे डोळे आपल्याच आसपासचे असतात.

आणि गारफिल्ड? स्कूबी-डू, आल्विन, हॉप? या सगळ्यांच्या मागे एकच कंपनी होती, ऱ्हिदम अँड ह्यूज. लॉस एंजेलिसची, पण तिचं एक ऑफिस मुंबईत आणि एक हैदराबादला. प्राण्यांच्या अंगावरचे केस करावेत तर त्यांनीच. फेब्रुवारी २०१३मध्ये कंपनीने दिवाळखोरी जाहीर केली आणि अकरा दिवसांनी त्यांनाच ‘लाइफ ऑफ पाय’मधल्या वाघासाठी व्हिज्युअल इफेक्ट्सचं ऑस्कर मिळालं. थिएटरबाहेर रस्त्यावर शेकडो व्हीएफएक्स कलाकार फलक घेऊन उभे होते. आत बिल वेस्टनहोफर बाहुली हातात घेऊन आभार मानता मानता कंपनीच्या अडचणीबद्दल बोलायला लागला. त्या वर्षी भाषण लांबलं की ‘जॉज’चं संगीत वाजवायचे. ते वाजायला लागलं, आणि त्याचा माइक बंद केला.

वर मी गारफिल्डच्या केसांबद्दल जे बोललो ते त्या लोकांबद्दल नव्हतं, हे इथे स्पष्ट सांगून ठेवतो. केस उत्तम होते. त्या जाड्या मांजराला बसायला सोफ्यावर खड्डा कुणी ठेवला नाही, आणि ते ठेवायचं काम केस करणाऱ्यांचं नव्हतं.